'सेन्योरितो'ला मराठीत काय म्हणाल?

रानवारा: मारिओ कामुसच्या 'लोस सांतोस इनोसेन्तेस' या सिनेमावर (१९८४) स्पॅनिश टीव्हीवर झालेली चर्चा मित्रांसाठी मराठीत उतरवतोय, सेन्योरितो इव्हानपाशी अडलोय. स्पेनमधल्या एस्त्रेमादुरातल्या जमीनदारीणबाईंचा हा मुलगा, चांगला मोठा बाप्या आहे, तरी पाको आणि सगळे गडी त्याला सेन्योरितोच म्हणतात. 'मालक' लिहिलं तर बायको म्हणते मालकीण त्याची आई आहे ना.

कोरडवाहू: धाकटे धनी. सरळ आहे.

तिखटमीठ: धनी आता नाटकातच ऐकू येतं. छोटे मालक लिहा, लोक तसंच बोलतात.

कोरडवाहू: छोटे मालक हिंदी सिरियलमधून आलंय हो, आपल्याकडे थोरले-धाकटे असताना कशाला??

तिखटमीठ: छोटा शब्द आमच्या आजीच्याही तोंडात होता, तिने सिरियल कधी बघितली नाही.

मांडवीकाठ: गोव्यात भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, मुलाला वयाने मोठा मुंडकारसुद्धा 'बाब' म्हणायचा. मुंडकाराचं घर भाटकाराच्या जमिनीत, मग आवाज चढवणार कुठून? पाहुण्यांना दाखवायला इव्हान गड्यांना नाव लिहायला लावतो ना, तिथे मला आमचा वाडाच दिसला.

घाटवाट: बाळासाहेब! सेन्योर म्हणजे साहेब, त्याला लाडाचा इतो लागून सेन्योरितो, तसं बाळ अधिक साहेब, लाड आणि दरारा एकाच हाकेत, आणि केस पिकले तरी सुटत नाही. आमच्याकडे कोल्हापूर साइडला वाड्यावरच्या मुलाला गडी असंच म्हणायचे.

तिखटमीठ: छान आहे पण वाचणाऱ्याला ते विशेषनाव वाटेल, हाक नाही वाटणार.

रानवारा: विचार करतो. अजून एक, पाकोचा मेहुणा असारियास पाखराला 'मिलाना' म्हणतो त्याचं घार केलंय, बरोबर ना?

कोरडवाहू: मिलानो म्हणजे घार, पण ज्याला इव्हान गोळी घालतो ते कावळ्याच्या जातीचं आहे, घार नव्हेच. चुकीचं होईल.

मांडवीकाठ: अहो तो कुठल्याही पाखराला मिलानाच म्हणतो, देलिबेसच्या १९८१च्या मूळ कादंबरीत तर आधी घुबडाला म्हणतो. मूळ लेखक स्वतः शिकारी, त्याला पाखरं कळत नव्हती का? घारच ठेवा, नाहीतर घारूबाय करा, असारियासच्या तोंडी माया यायला हवी.

कोरडवाहू: घारूबाय म्हटल्यावर घाऱ्या डोळ्यांची बाई वाटेल. मिलाना तसंच ठेवा.

घाटवाट: मग सेन्योरितो पण तसंच का नको?

तिखटमीठ: कारण पाखरू आपल्याला हाक मारायला लावत नाही, इव्हान लावतो. ती हाक मराठीतच टोचली पाहिजे.