मदत हवी आहे : फारसी तुरुंगकाव्य मराठीत किंवा हिंदीत कुठे मिळेल?

नमस्कार मंडळी. फारसीत ‘हब्सियात’ म्हणजे बंदिवासातल्या कवितांची मोठी परंपरा आहे. तिचा पहिला मोठा कवी मसूद साद सलमान, जन्माने लाहोरचा. गझनवी सुलतानांची मर्जी फिरली आणि त्याच्या आयुष्याची कित्येक वर्षं किल्ल्यांच्या कोठड्यांत गेली. ‘नाय’ नावाच्या किल्ल्यातून त्याने लिहिलेले कसीदे (एक प्रकारच्या दीर्घ कविता) आजही वाचले जातात. पुढे बाराव्या शतकात खाकानी या फारसी कवीने अशा कविता लिहिल्या, आणि आपल्याकडे गालिबनेही 1847 च्या कैदेवर फारसीतच लिहिलं.

मला सगळ्यात जास्त ओढ आहे ती इराणी कवी फर्रुखी यझदीची. राज्यकर्त्यांविरुद्ध कविता केली म्हणून इराणमधल्या यझद शहराच्या सुभेदाराने सुईदोऱ्याने त्याचे ओठ शिवून टाकले. तरी तो गप्प बसला नाही. तेहरानला जाऊन त्याने ‘तुफान’ वर्तमानपत्र काढलं, मजलिसमध्येही (इराणच्या संसदेत) निवडून गेला. शेवटी रझा शाहच्या राजवटीत, 1939 साली, तुरुंगातच त्याचा अंत झाला. अशा माणसाच्या गझला मराठीत वाचायला मिळू नयेत, याचं फार वाईट वाटतं.

माधव जूलियनांनी खय्याम थेट फारसीतून मराठीत आणला. तसं मसूद किंवा फर्रुखीचं कुणी केलंय का? जुन्या मासिकातला एखादा लेखही चालेल. इंग्रजीवरून केलेलं भाषांतर शक्यतो नको. मला उर्दू लिपी वाचता येते, पण फारसी व्याकरणात अडकते. फारसी येणारं कुणी फर्रुखीच्या दोन-तीन गझला माझ्यासोबत ओळीओळीने वाचायला तयार असेल तर कृपया कळवा. पुण्यात असाल तर भेटता येईल, नाहीतर फोनवरही चालेल.