कॅमेऱ्याशिवाय १६ मिमी फिल्म: पानांच्या ठशांना लय कशी आणायची?

कृष्णाकाठ (सांगली): प्रायोगिक चित्रपटकार कारेल डूइंग यांच्या फायटोग्राम पद्धतीनं, म्हणजे सोडा आणि व्हिटॅमिन सीच्या द्रावणात भिजवलेली पानं थेट फिल्मवर ठेवून त्यांचे ठसे उमटवत, तीनेक मिनिटांची फिल्म करायची आहे. मुदत संपलेला १०० फुटी कृष्णधवल रोल हाताशी आहे. चाचणीच्या तुकड्यावर उसाचं पातं जेमतेम उमटलं आणि शेवग्याचा पाला पडद्यावर नुसता लुकलुकला. द्रावणाचं प्रमाण आणि पानांची मांडणी, दोन्हींत काय बदलू?

ओलं_इमल्शन: १ लिटर कोमट पाण्यात ५० ग्रॅम धुण्याचा सोडा पूर्ण विरघळवा, मग १० ग्रॅम व्हिटॅमिन सी पावडर थोडी थोडी घाला. खायचा सोडा चालणार नाही, त्याचा अल्कलीपणा कमी पडतो. द्रावण त्याच दिवशी संपवा.

डेव्हलपरचं, म्हणजे ठसा उमटवणाऱ्या रसायनाचं, काम पानातली फिनॉलिक द्रव्यं करतात, पण ती बाहेर यायला हवीत. उसाच्या पात्यावर मेण आणि सिलिका असते, म्हणून द्रावण आत शिरत नाही. पातं खरबरीत फडक्यानं घासा आणि लुळं पडेपर्यंत भिजवा, तासभर तरी. शेवग्याला दहा मिनिटं पुरतात.

फिल्मचा कोपरा ओल्या ओठाला लावा. चिकटते ती इमल्शनची, म्हणजे उजेड टिपणाऱ्या जिलेटिनच्या थराची बाजू, ती वर ठेवा. त्यावर पानं, पानांवर काच. आपल्याकडच्या एप्रिलच्या उन्हात पान सुकून जिलेटिनला चिकटतं आणि काढताना इमल्शनसकट निघतं, त्यामुळे उजेडाची सावलीच बरी. ठसा हवा त्यापेक्षा गडद झाल्यावरच उचला, कारण हायपोत, म्हणजे ठसा पक्का करणाऱ्या द्रावणात, तो फिका पडतो. हायपोआधी एकदा आणि नंतर वीस मिनिटं धुवा. पानाचे कण पाण्याखालीच सोडवा, ओलं इमल्शन नखानंही ओरखडतं.

चोवीस_फ्रेम (सातारा): मांडणीचं सांगतो. १६ मिमीच्या एका फुटात ४० फ्रेम, सेकंदाला २४. म्हणजे फूटभर पातं पडद्यावर पावणेदोन सेकंदांच्या आतच संपतं आणि तुमचा रोल २ मिनिटं ४६ सेकंदांत. पूर्ण तीन मिनिटांना १०८ फूट लागतील.

उसाच्या शिरा फिल्मच्या लांबीला समांतर ठेवल्या तर पडद्यावर उभ्या रेघा थरथरत जागीच राहतात. हळदीच्या पानाच्या शिरा मध्यशिरेपासून तिरक्या जातात. पान लांबीत ठेवलंत की त्या रेघा पडद्यावर एका बाजूला सरकत जातात. तीच तुमची हालचाल, ती फुकट मिळते.

शेवग्याची पर्णिका एक-दोन सेंटिमीटरची, फ्रेमचं अंतर ७.६२ मिमी. पाला विस्कटून टाकला की दोन फ्रेम पान, एक फ्रेम रिकामी, असं होतं, म्हणून लुकलुक. कागदी पट्टीवर ७.६२ मिमीच्या खुणा करून ती फिल्मखाली ठेवा. दर खुणेवर सारख्याच आकाराचा तुकडा आला तर आकृती पडद्यावर स्थिर राहते, खुणेपासून थोडा थोडा सरकवत नेला तर ती चढते किंवा उतरते. लांब पानं मात्र फ्रेमच्या मापानं कापू नका. पानाची लांबी हाच त्याचा वेळ, आणि या पद्धतीचं खरं सौंदर्य मला तरी तिथेच दिसतं.

ओलं_इमल्शन: एक राहिलं. रंगासाठी हळदपूड द्रावणात घालाल तर ती सोड्यानं कुंकवासारखी लाल होते, धुतल्यावर पुन्हा पिवळी, आणि तो पिवळाही उजेडात उडतो. रंग टिकवायचा असेल तर पट्टी वाळल्याबरोबर ४८०० डीपीआयवर स्कॅन करून ठेवा.