परक्या मुलखातून बळजबरीने फौज नेण्याची मुभा ग्रँड स्ट्रॅटेजी गेममध्ये असावी का?

दूरचा घोडेस्वार:

युरोपा युनिव्हर्सालिस ४ या ग्रँड स्ट्रॅटेजी गेममधला (यात शतकानुशतके एक अख्खे राज्य चालवायचे असते) माझा सध्याचा डाव एका जागी अडला आहे आणि त्यातूनच हा धागा काढावासा वाटला. कास्तीलपासून सुरुवात करून मी स्पेन उभा केला, बर्गंडीचा वारसा पदरात पडला, आणि पुढे काही दशकांनी नेदरलँड्समध्ये बंड पेटले. इंग्लिश खाडीत वैऱ्याचे आरमार गस्त घालत असल्यामुळे २४ हजारांची फौज जहाजांवर चढवणे म्हणजे ती हाताने बुडवणेच होते, म्हणून मी मिलानहून जमिनीच्या वाटेने निघालो. सॅव्हॉयने आपल्या मुलखातून फौज नेण्याची परवानगी, म्हणजे मिलिटरी अ‍ॅक्सेस दिला, फ्रांश-कोंते माझेच होते, आणि लक्झेंबर्गच्या अलीकडे फक्त लॉरेन उरले. विनंतीच्या बटणावर माउस नेला की होकार-नकाराची कारणे गुणांसह दिसतात. तिथे अधिकांची आणि उण्यांची गोळाबेरीज उणे एक निघाली. त्या एका गुणापायी फौज सीमेवर दोन वर्षे खिळून राहिली आणि पलीकडे एकेक किल्ला बंडखोरांच्या हाती जात राहिला.

लॉरेनने नाही म्हणू नये, असे मला मुळीच वाटत नाही. माझी तक्रार अशी आहे की गेमने या प्रश्नाला दोनच उत्तरे ठेवली आहेत, एक तर परवानगी नाही तर युद्ध. इतिहासात यांच्या मधल्या जागेतच पुष्कळ काही घडत असे. ऑक्टोबर १८०५ मध्ये नेपोलियनला उल्मजवळच्या ऑस्ट्रियन सैन्याच्या पिछाडीला लवकर पोहोचायचे होते, म्हणून त्याने आपला सेनापती बर्नाडोट याच्या फौजेला प्रशियाच्या अन्सबाख प्रांतातून सरळ पुढे जायला सांगितले. परवानगी मागितली नव्हती आणि युद्धही पुकारले नव्हते. प्रशियाचा राजा संतापला, पण त्याने फ्रान्सवर लगेच हल्ला केला नाही. तोवर तो रशियन फौजेलाही आपल्या मुलखातून वाट नाकारत होता आणि त्यासाठी सैन्याची जमवाजमव करून बसला होता. आता त्याने तीच वाट रशियाला मोकळी केली, आणि ३ नोव्हेंबरला पोट्सडॅम येथे झारशी करार केला. म्हणजे आगळिकीची किंमत होती, ती मोठी होती, पण ती महिनाभराने आणि वेगळ्याच रूपात वसूल होऊ लागली. डावपेचांच्या खेळात नेमकी हीच गोष्ट खेळायला मिळायला हवी. आक्रमकाने वेळ वाचवायचा, आणि त्याबदली आपल्या शत्रूला कोणता मित्र मिळेल याचा धोका पत्करायचा.

म्हणून परवानगी आणि युद्ध यांच्या मधले, बळजबरीने वाट काढण्याचे तिसरे बटण असावे, असे माझे ठाम मत आहे.

सीमारेषा:

आपले उदाहरण चांगले आहे, पण ते आपल्याच विरोधात जाते असे मला वाटते. अन्सबाख प्रशियाचे होते, आणि प्रशियाजवळ रागाला वजन देणारी मोठी फौज होती. आपल्या डावातल्या लॉरेनजवळ काय आहे? दोन-तीन प्रांत, एखादा किल्ला, आणि नाही म्हणण्याचा हक्क. या खेळांमध्ये लहान राज्याला किंमत येते ती त्याच्या जागेमुळे, आणि त्या जागेला किंमत येते ती सीमा ओलांडता येत नाही म्हणून. खिंडीच्या तोंडाशी बसलेल्या राज्याशी मैत्री करावी, त्याच्याकडे राजदूत पाठवून संबंध सुधारावेत, जमल्यास तिथे सोयरीक जुळवावी, हे सगळे आपण करतो ते त्याच्या नकाराला धार आहे म्हणूनच. तिसरे बटण आले की पहिले बटण कुणी दाबणारच नाही, आणि खेळातला राजनयाचा एक मोठा भाग वाऱ्यावर जाईल.

शिवाय बळजबरीने वाट काढणे आणि युद्ध यांच्यात इतिहासाने फरक केला असे आपण म्हणता, तर बेल्जियमचे काय? २ ऑगस्ट १९१४ च्या संध्याकाळी जर्मनीने ब्रुसेल्सला निर्वाणीचा खलिता दिला, उत्तरासाठी १२ तास दिले, आणि वाट मिळाली तर नुकसानभरपाई देऊ, लागणारी रसद रोख पैशाने विकत घेऊ, तह झाल्यावर मुलूख सोडू, असे आश्वासनही दिले. बेल्जियमने ३ तारखेला नकार दिला, ४ तारखेला जर्मन फौज आत घुसली, आणि त्याच दिवशी ब्रिटन युद्धात उतरले. दिलेली आश्वासने कितीही गोड असली तरी बेल्जियमसाठी ते आक्रमणच होते. गेम आज हेच सांगतो, की वाट हवी असेल तर युद्ध पुकारा आणि त्याचे परिणाम भोगा. यात मला काही खोटे दिसत नाही.

रसदकार:

दोघांचेही वाचले. तिसरे बटण काही खेळांमध्ये आधीपासून आहे, आणि त्याचे काय होते हे पाहिले तर वाद थोडा जमिनीवर येईल. टोटल वॉर मालिकेतल्या वॉरहॅमरमध्ये परवानगीशिवाय दुसऱ्याच्या मुलखातून फौज नेता येते. संबंध बिघडत जातात, एवढेच. सिव्हिलायझेशन ५ मध्ये मोठ्या राष्ट्राची सीमा बंद असते, पण नगरराज्याच्या हद्दीत सैन्य घुसवता येते आणि तिथला आपला प्रभाव घटत जातो. मी हे दोन्ही बरेच खेळलो आहे. अनुभव असा की किंमत आकड्यात सांगितली की ती टोलसारखी वाटू लागते. किती घट परवडेल याचा हिशेब करून मी दर वेळी सैन्य पुढे नेले, आणि ज्याच्या हद्दीतून गेलो त्याचा विचार क्वचितच केला. क्रूसेडर किंग्ज ३ मध्ये तर तटस्थ राज्यातून जायला विचारावेच लागत नाही, त्यामुळे तिथे मधल्या राज्यांचे अस्तित्वच लढाईच्या काळात पुसले जाते.

घोडेस्वारांची कल्पना मला आवडते, पण वजा २० संबंध अशा रूपात ती आली तर सीमारेषा म्हणतात तेच होईल.

दूरचा घोडेस्वार:

रसदकार, टोलचा मुद्दा मी मान्य करतो, आणि तो मला आधी सुचायला हवा होता. किंमत आधीच ठाऊक असेल तर ती जबरदस्ती उरत नाही, तो सौदा होतो. अन्सबाखचे सार हे की नेपोलियनला प्रशिया काय करील हे नक्की ठाऊक नव्हते. तेव्हा उत्तर देण्याचा अधिकार तटस्थ राज्याच्या हाती असला पाहिजे, आणि ते उत्तर फौज आत शिरल्यानंतरही बदलता आले पाहिजे.

सीमारेषा, आपण बेल्जियम सांगितले, पण शेजारचे लक्झेंबर्ग सांगितले नाही. त्याच २ ऑगस्टला जर्मन फौज तिथेही शिरली. लक्झेंबर्गची तटस्थता १८६७ च्या लंडन तहाने ठरलेली होती, बेल्जियमची १८३९ च्या. लक्झेंबर्गच्या सरकारने निषेध नोंदवला, शस्त्र उचलले नाही. एकच आठवडा, एकच आक्रमक, दोन तटस्थ राज्ये आणि दोन वेगवेगळी उत्तरे! बेल्जियमच्या उत्तरामुळे लिएजचे किल्ले १६ ऑगस्टपर्यंत झुंजत राहिले. आजच्या गेममध्ये युद्धाचे बटण दाबले की या दोघांची गोष्ट एकच होऊन जाते, कारण युद्ध पुकारले गेले की लहान राज्य लढाईत आहेच. निषेध नोंदवून बाजूला उभे राहण्याचा पर्याय त्याला नाही. म्हणजे दोन पर्यायांच्या या चौकटीत आपल्या लाडक्या लहान राज्याचाही आवाज दाबला जातो.

आणि दबावाखाली दिलेला होकार तर आणखी निराळा. जून १९४१ मध्ये स्वीडनने जर्मनीची १६३ वी डिव्हिजन नॉर्वेहून फिनलंडला आपल्या रेल्वेने जाऊ दिली. त्याआधी १९४० च्या उन्हाळ्यापासूनच जर्मन सैनिकांची ने-आण चालू होती, आणि ऑगस्ट १९४३ मध्ये वारा फिरल्यावर स्वीडनने ती बंद केली. हार्ट्स ऑफ आयर्न ४ मध्ये नेमका हाच काळ आहे. तिथे मिलिटरी अ‍ॅक्सेस ही दोन सरकारांमधली साधी मान्यता आहे; होकारामागे भीती होती की स्नेह, याने पुढे काही बिघडत नाही. बिघडायला हवे.

पटावरचे प्यादे:

मी मुख्यतः मल्टिप्लेअर, म्हणजे इतर माणसांविरुद्ध खेळतो, त्यामुळे माझी चिंता थोडी वेगळी आहे. माणसांच्या खेळात तटस्थ राहिलेला खेळाडू दोन्ही बाजूंशी बोलत असतो, आणि त्याच्या शब्दावर दोन्ही बाजू आपल्या फौजा मांडतात. एकाने बळजबरीने वाट काढली तर दुसऱ्याचा डाव त्याची काही चूक नसताना कोलमडतो. म्हणून तटस्थाचे कर्तव्यही नियमात आले पाहिजे. १९०७ च्या पाचव्या हेग कराराने हे स्पष्ट मांडले होते. कलम २ युद्धमान पक्षांना तटस्थ भूमीतून फौज वा रसद नेण्यास मनाई करते, कलम ५ सांगते की तटस्थाने ते घडू देता कामा नये, आणि कलम १० नुसार तटस्थाने बळाने प्रतिकार केला तरी ते शत्रुत्वाचे कृत्य मानता येत नाही. हे शेवटचे कलम मला गेममध्ये फार हवे आहे, कारण आज तटस्थाला घुसलेल्या फौजेवर वार करायचा तर स्वतःच युद्ध पुकारावे लागते.

कलम ११ तर आयता नियमच आहे: तटस्थ भूमीत आलेले सैन्य स्थानबद्ध करावे. फेब्रुवारी १८७१ मध्ये सेनापती बूर्बाकीची फ्रेंच फौज, सुमारे ८७ हजार माणसे, हिमातून स्वित्झर्लंडच्या हद्दीत आली. सीमेवरच त्यांची शस्त्रे उतरवून घेतली गेली आणि युद्ध संपेपर्यंत त्यांना देशभर वाटून ठेवले गेले. युरोपा युनिव्हर्सालिसमध्ये परक्या मुलखात अडकलेली फौज काळा झेंडा लावून निर्वासित होते, तिला लढता येत नाही, पण ती चालत चालत सुखरूप घरी परतते. तिला अडकवून ठेवण्याचा अधिकार यजमानाला मिळाला, तर बळजबरीने घुसण्याआधी माणूस दहा वेळा विचार करील.

सीमारेषा:

प्यादे, स्थानबद्धतेचा मुद्दा मला पूर्णपणे पटला. प्रतिकार करूनही युद्धात न ओढले जाण्याचा हक्क आणि घुसलेली फौज अडकवून ठेवण्याचा हक्क हे दोन्ही तटस्थाला मिळाले, तर माझा निम्मा विरोध गळून पडतो.

उरलेला निम्मा मात्र तसाच आहे, आणि तो एआयबद्दल, म्हणजे संगणक चालवतो त्या राज्यांबद्दल आहे. इ.स.पू. ४२४ मध्ये स्पार्टाचा सेनापती ब्रासिडास १,७०० हॉप्लाइट (जड शस्त्रांचे पायदळ) घेऊन थेसालीतून उत्तरेकडे निघाला. एनिपेअस नदीपाशी काही थेसालियन आडवे आले आणि म्हणाले की सर्वांच्या संमतीशिवाय इथून जाणे हा अन्याय आहे. त्याने नम्रपणे उत्तर दिले की तुमच्या इच्छेविरुद्ध मी पुढे जाणार नाही. ते घरी परतले, आणि अधिक लोक जमण्याआधी त्याने न थांबता कूच करून त्याच दिवशी फार्सालस गाठले. हा प्रसंग मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण बळजबरीची वाट ही शेवटी वेगाची शर्यत असते, हे त्यात दिसते. माणूस असे फसवू शकतो. एआय तसे फसवू शकत नाही आणि फसवणूक ओळखूही शकत नाही. त्याच्या हाती तिसरे बटण दिले की ते निरुपद्रवी राहील, आणि खेळाडूच्या हाती दिले की ते हत्यार होईल. असा एकतर्फी नियम मी स्वीकारणार नाही.

आणखी एक गोष्ट कुणीच बोलले नाही. वाटेतल्या शेतांचे काय? परकी फौज, मित्राची असो वा शत्रूची, जिथून जाते तिथले धान्य खाते, जनावरे नेते, घरांत मुक्काम करते. स्पेनचा सेनापती आल्बाच्या ड्यूकने १५६७ मध्ये सुमारे १० हजार सैनिक मिलानकडून ब्रुसेल्सला नेले, तेव्हा तळ कुठे पडणार आणि तिथे धान्य कुठून येणार याची व्यवस्था आधी केली होती, आणि तरीही फौज आपल्या वाटेने येते आहे हे कळल्यावर आसपासची नगरे धास्तावली. घोडेस्वार, आपण सीमेवरच्या आपल्या २४ हजारांचे दुःख मांडले. लॉरेनच्या बाजूने हा डाव एकदा खेळून पाहा, आणि मग सांगा की तो उणे एक गुण आपल्याला चुकीचा वाटतो का.

दूरचा घोडेस्वार:

हे आव्हान मी स्वीकारतो. एआयबद्दलची आपली शंका खरी आहे आणि तिच्यावर माझ्याकडे आज उत्तर नाही. फार तर तिसरे बटण आधी फक्त मल्टिप्लेअरमध्ये द्यावे, असे म्हणता येईल. शेतांचा मुद्दा मात्र मला माझ्या प्रस्तावाच्या बाजूचा वाटतो, कारण आज मी परवानगी घेऊन गेलो तरी सॅव्हॉयच्या प्रांतांना त्याची झळ लागल्याचे मला कुठेच दिसले नाही.

चालू डाव मी सेव्ह करून बाजूला ठेवला आहे. आज रात्री १४४४ पासून लॉरेन घेऊन बसतो. फ्रान्स आणि बर्गंडी यांच्यापैकी जो आधी वाट मागेल त्याला मी काय उत्तर दिले आणि त्याचे पुढे काय झाले, ते इथेच लिहीन.