विषय: रविवारचे लेझीम आणि नागाईचे रग्बी सेव्हन्स

प्रेषक: साकाईच्या ताई
गुरुवार, १६ नोव्हेंबर २०२३, सकाळी

सर्वांना सप्रेम नमस्कार.

वानखेडेवरचा क्रिकेट विश्वचषकाचा उपांत्य सामना संपेपर्यंत काल रात्री निम्मी यादी जागी होती, याची मला कल्पना आहे, तरीही ही मेल कृपया आजच वाचावी. ओसाकातील आपल्या मंडळाच्या रविवारच्या दिवाळी संमेलनातील लेझीम दोन वाजता न ठेवता चार वाजता ठेवावे, अशी विनंती मी काकूंना फोनवर केली होती. त्यांनी "यादीवर लिही, हे माझ्या एकटीच्या हातात नाही" असे सांगितल्यामुळे येथे लिहीत आहे. लेझमाच्या बारा मुलींपैकी पाच जणी त्यांच्या रग्बी स्कूलबरोबर शनिवारी आणि रविवारी रग्बी सेव्हन्सची, म्हणजे सात-सात जणींच्या रग्बीची, ऑलिंपिकची आशियाई पात्रता स्पर्धा पाहायला जाणार आहेत आणि त्यांची तिकिटे काढून झाली आहेत. या स्पर्धेत पहिला येणारा महिला संघ थेट पॅरिसला जातो. त्याच्या खालोखालच्या संघांना पुढच्या वर्षी जगभरातून उरलेल्या संघांशी आणखी एकदा झगडावे लागते, आणि तेथेही हरले तर चार वर्षे थांबण्यावाचून गत्यंतर नसते. टोकियो ऑलिंपिकच्या वेळी रिकाम्या मैदानावर झालेले सामने या मुलींनी टीव्हीवर पाहिले होते. घरापासून लोकलच्या अंतरावर असे सामने पुन्हा केव्हा होतील, हे सांगता येत नाही.

—

प्रेषक: लेझीमच्या काकू
गुरुवार, दुपारी

स. न. वि. वि.

ताईंनी माझे फोनवरचे वाक्य अर्धेच उद्धृत केले आहे. त्याच्या आधी मी असेही म्हणाले होते की लेझीम चार वाजता ठेवणे शक्य नाही. सभागृह आपल्याला पाच वाजता केर काढून, खुर्च्या रचून आणि किल्ली परत करून रिकामे करायचे असते. चार वाजता बारा मुलींच्या नऊवारी नेसवायला घेतल्या, तर त्या सोडायच्या केव्हा आणि निऱ्यांच्या पिना शोधायच्या केव्हा? शिवाय हलगी वाजवणारा आपला मुलगा साडेतीनला कामावर जातो. गेल्या वर्षी गणपतीत हलगीऐवजी मोबाइल लावला तेव्हा काय झाले, ते मी पुन्हा सांगत नाही.

पाच मुली नसतील तर सात राहतात. लेझीम जोडीने करायचे असते. सात मुलींत रग्बी होत असेल, लेझीम होत नाही. मधली विश्रांती धरून हा खेळ दीड-दोन तास चालतो, असे मी ऐकून आहे. अशा चार-पाच सामन्यांना बसणाऱ्या मुली वेळेवर येतील, यावर माझा विश्वास नाही.

—

प्रेषक: नाराकर
गुरुवार, दुपारी

काकूंच्या अडचणीवर सोपा उपाय आहे. आम्ही रविवारी नाराहून किन्तेत्सु रेल्वेने येणारच आहोत, त्यामुळे हिगाशी-हानाझोनो स्थानकावर उतरून पाचही मुलींना हानाझोनोच्या रग्बी मैदानाच्या दारातून घेऊन दीड वाजेपर्यंत सभागृहात पोहोचवण्याची जबाबदारी मी घेतो. डिसेंबरअखेर सुरू होणाऱ्या शाळकरी मुलांच्या राष्ट्रीय स्पर्धेला आम्ही दरवर्षी तेथे जातो, त्यामुळे तेथील दारे मला पाठ आहेत.

—

प्रेषक: कोबेचे काका
गुरुवार, सायंकाळी

नाराकरांच्या तयारीबद्दल आभार, पण ते हानाझोनोच्या दारात उभे राहिले तर त्यांना तेथे एकही मुलगी भेटणार नाही. ही स्पर्धा हानाझोनोला नसून नागाई उद्यानातील साकुरा स्टेडियमवर, म्हणजे सेरेझो ओसाकाच्या फुटबॉल मैदानावर आहे. जपानच्या महिला संघालाही 'साकुरा सेव्हन्स' म्हणतात, त्यामुळे गोंधळात भर पडते. जवळचे स्थानक जेआर हानवा मार्गावरचे त्सुरुगाओका आहे. तेथे फक्त साधी लोकल थांबते. मागे एकदा मी घाईत तेन्नोजीला जलद गाडीत चढलो आणि स्टेडियम खिडकीतून बघत थेट साकाईला जाऊन उतरलो. लोकलने तेन्नोजीपर्यंत मध्ये मिनामी-तानाबे आणि बिशोएन ही दोनच स्थानके लागतात, म्हणजे तेन्नोजीजवळचे आपले सभागृह तेथून फार तर वीस-पंचवीस मिनिटांवर आहे.

आता काकूंच्या दीड-दोन तासांविषयी. त्यांनी ऐकले आहे ते पंधरा जणांच्या रग्बीचे. सेव्हन्समध्ये सात मिनिटांची दोन सत्रे असतात आणि मध्ये दोन मिनिटांची विश्रांती, म्हणजे चहा गाळून होईपर्यंत सामना संपलेला असतो. मैदान मात्र पंधरा जणांच्या खेळाएवढेच मोठे असते आणि ते सात जणींनी सांभाळायचे असते. त्यातली एखादी पिवळे कार्ड मिळून दोन मिनिटांसाठी बाहेर बसली, तर उरलेल्या सहा जणींच्या मधून वाटच वाट मोकळी होते. बाकावर पाच राखीव खेळाडू असतात, म्हणजे सात आणि पाच मिळून बारा. काकूंच्या संघाचीही नेमकी हीच विभागणी झाली आहे, हे मी आदरपूर्वक नमूद करतो.

या स्पर्धेचे महत्त्व मला माहीत आहे, कारण २०१५ च्या नोव्हेंबरअखेर मी कामानिमित्त टोकियोत होतो आणि एका सहकाऱ्याने मला चिचिबुनोमिया मैदानावर ओढून नेले होते. त्या वेळी महिलांची पात्रता हाँगकाँग आणि टोकियो अशा दोन टप्प्यांत झाली आणि जपानच्या मुली रिओ ऑलिंपिकला गेल्या. मला तेव्हा नियमांतले ओ की ठो कळत नव्हते. शेजारच्या आजींनी मला एवढेच समजावले होते की चेंडू रेषेपलीकडे जमिनीला टेकवला की पाच गुण मिळतात आणि त्यानंतर खांबांमधून लाथाडला की आणखी दोन. सेव्हन्समध्ये हा चेंडू जमिनीवर ठेवून मारता येत नाही. तो हातातून सोडून, टप्पा पडून उसळत असतानाच मारावा लागतो. २०१८ च्या जकार्ता आशियाई खेळांत जपानने चीनला अंतिम सामन्यात ७-५ असे हरवले, म्हणजे दोन्ही संघांनी एकेकदाच चेंडू टेकवला आणि सुवर्णपदक त्या एका लाथेवर ठरले. यंदा हांगझोऊच्या आशियाई खेळांत चीनने त्याचा वचपा काढला. त्यामुळे रविवारी हे दोघे पुन्हा समोरासमोर आले, तर मुलींना सभागृहात बसवून ठेवणे मला तरी जिवावर येईल.

—

प्रेषक: नाराकर
गुरुवार, सायंकाळी

चूक मान्य आहे. तथापि २०१९ च्या विश्वचषकाचे सामने जेथे झाले ते खास रग्बीचे मैदान शेजारच्या हिगाशी-ओसाकात असताना ही स्पर्धा फुटबॉलच्या मैदानावर भरवण्याचे प्रयोजन मला समजलेले नाही.

—

प्रेषक: खजिनदार
गुरुवार, रात्री

मैदानाचा निर्णय आपल्या समितीच्या कक्षेत येत नाही. सभागृहाचा येतो, म्हणून लिहितो. आपण फक्त दुपारची पाळी घेतली आहे. ती वाढवून संध्याकाळचीही घ्यावी आणि साडेपाचला सुरू होणारा अहमदाबादचा अंतिम सामना पडद्यावर दाखवावा, अशा चार वेगवेगळ्या मेल मला खासगीत आल्या आहेत. त्यांचे एकत्रित उत्तर असे की संध्याकाळची पाळी दुसऱ्या कोणाला गेलेली आहे आणि मंडळाचा प्रोजेक्टर फक्त नाटकासाठी आहे. विराटचे पन्नासावे शतक आणि शमीचे सात बळी यांचा आनंद मलाही झाला आहे.

—

प्रेषक: क्योतोच्या वहिनी
गुरुवार, रात्री

क्रिकेटचा विषय निघालाच आहे, तर मनातले बोलते. भारत अंतिम फेरीत खेळत असताना आपल्या मुली जपानच्या संघासाठी ओरडायला जाणार, हे मला जरा खटकले होते. माझ्या मुलीने त्यावर मला विचारले की भारतातल्या मुली रग्बी खेळतात हे तरी तुला माहीत आहे का. मला माहीत नव्हते. पुण्याच्या वहबीझ भरुचा यांनी भारताचे नेतृत्व केले आहे आणि २०१९ साली मनिलात पंधरा जणींच्या खेळात सिंगापूरला २१-१९ असे हरवून भारतीय महिलांनी आपला पहिला आंतरराष्ट्रीय विजय मिळवला, हे मला तिने सांगितले. माझे माहेर पुण्याचे असूनही ही बातमी मला ओसाकात जन्मलेल्या मुलीकडून कळावी, याचे नवल वाटले. ती रविवारी कोणासाठी ओरडायचे ते तिचे ती ठरवील. तिला नऊवारी मात्र मी नेसवणार आहे, त्यामुळे लेझमाची वेळ कृपया एकदाची ठरवावी.

—

प्रेषक: लेझीमच्या काकू
शुक्रवार, १७ नोव्हेंबर, सकाळी

स. न. वि. वि.

चौदा मिनिटांचा खुलासा वाचून काल रात्री मी एक जुना सामना पाहिला. त्यात गुण मिळवलेला संघच पुन्हा चेंडू मारून खेळ सुरू करतो, हे मला प्रथम उलटे वाटले, पण तेथे धापा टाकणाऱ्या मुलींना उसंत मिळत नाही आणि पाहणाऱ्यालाही जागचे उठवत नाही, हे खरे. कोबेच्या काकांनी माझ्या बारा मुलींची जी विभागणी केली आहे, तिचा मात्र मी निषेध करते. माझ्याकडे राखीव कोणी नाही.

लेझीम चारला होणार नाही, हे कायम. मात्र ते दोनच्या आधी घेता येईल. सभागृह एक वाजता ताब्यात मिळते. सव्वाला लेझीम, त्यानंतर दीपप्रज्वलन आणि मग अध्यक्षांचे भाषण, असा क्रम ठेवावा. दिवा लावण्याआधी लेझीम कसे, असे कोणी विचारील. पाहुण्यांना लेझीम खेळत आत आणण्याची पद्धत आपल्याकडे जुनीच आहे. नऊवारी घरूनच नेसून यावे. मुली पावणेदोनला मोकळ्या होतील आणि त्यांना अध्यक्षांचे भाषण ऐकावे लागणार नाही, हा फायदा मी ताईंच्या पदरात टाकते. शनिवारी त्यांनी दिवसभर बसून गटातले सामने पाहावेत. रविवार सकाळचे काही सामने हुकतील, त्याला माझा इलाज नाही. रंगीत तालीम शनिवारऐवजी आज सायंकाळी सात वाजता माझ्याकडे होईल.

—

प्रेषक: साकाईच्या ताई
शुक्रवार, सकाळी

काकू, मनापासून आभार. मुलींच्या प्रशिक्षकांशी आताच बोलणे झाले. अंतिम सामना दिवसाच्या शेवटी असल्यामुळे रविवारी दुपारी आलेल्या मुलींना ते दाराशी येऊन आत घेतील. तेन्नोजीहून पाचही जणींना मी नेईन आणि लोकलच पकडीन. कपडे बदलायला वेळ नसल्यामुळे त्या नऊवारीवरच जाकीट घालून बसणार आहेत, आणि त्यांची त्याला हरकत दिसत नाही. उलट फोटोंची तयारी सुरू झाली आहे. कासोटा घट्ट असावा, कारण चेंडू रेषेपलीकडे टेकला की या मुली खुर्चीवर उभ्या राहतात.

—

प्रेषक: लेझीमच्या काकू
शुक्रवार, सकाळी

खुर्चीवर उभे राहू नये. पिना जास्त आणते.

माझ्याकडे सातच लेझमी आहेत. गणपतीनंतर उरलेल्या पाच कोणाच्या गाडीत राहिल्या, ते आज सातच्या आत कृपया कळवावे.