मदत हवी आहे: वाडग्याची कुपाटी (काटेरी कुंपण) खालून उघडी पडतेय

जुन्नरकडचं शेळ्यांचं वाडगं, म्हणजे शेळ्या कोंडायची जागा. कुपाटी बाभळी-बोराटीच्या फांद्यांची: बुडखे आत, काटेरी शेंडे बाहेर, थरावर थर दाबून ५ फूट उंच, तळाशी ४ फूट रुंद. पावसाळ्यात तळाच्या थराला वाळवी लागली, वरचा भार खाली बसला, उंची जेमतेम साडेतीन फूट उरली. आता कुत्री-कोल्ही बुडातून शिरतात. वरून नव्या फांद्या टाकल्या तर त्या जुन्या वाळक्या काट्यांत गुंतत नाहीत, वाऱ्याने सरकतात. सगळी मोडून तळाशी दगडांचा हातभर थर द्यावा, की नुसती खालची भर बदलून भागेल? बिबट्या कुपाटीला जुमानत नाहीच. वरून जाळी ताणायची तर मेढी (आधाराचे खांब) किती अंतरावर रोवाव्यात? घायपात लावा म्हणू नका, ती दाट व्हायला वर्षं जातात.