मास हुनी नांदेडात कशी करावी?

गोदाकाठची: लेक मालदीवला हॉटेलात कामाला आहे. तिथं न्याहारीला ट्यूना मासा आणि ओलं खोबरं कालवून केलेली मास हुनी खातात म्हणे. इथं ट्यूना कुठला? गोदावरीतला रोहू चालेल का?

परभणीकर: रोहू नको ताई, काटे वेचता वेचता दुपार होईल. डब्यातला ट्यूना आणा, पाणी पूर्ण निथळू द्या.

लातूरचा खादाड: कांदा-मिरची मीठ-लिंबू लावून हातानं चुरडा, मग मासा, शेवटी खोवलेलं ओलं खोबरं. शिजवायचं काहीच नाही. सुकं खोबरं काळ्या मसाल्यालाच राहू द्या!

गोदाकाठची: सोबत भाकरी?

लातूरचा खादाड: तिकडं रोशी, गव्हाची पातळ पोळीच. मला तर ज्वारीची गरम भाकरीच जास्त आवडली. उरवू मात्र नका, उन्हाळ्यात ओलं खोबरं लगेच आंबतं.