फादर स्टीफन्सला आपला मराठी कवी मानायचं का?

ओवीवेडा
मराठी भाषा गौरव दिन आला की ज्ञानेश्वर, एकनाथ, तुकाराम ही नावं निघतात, आणि निघायलाच हवीत. माझं म्हणणं, त्याच पंगतीत फादर थॉमस स्टीफन्सचं पान मांडायला हवं. हा इंग्रज जेझुइट (एका कॅथलिक संघाचा धर्मगुरू) १५७९ साली गोव्यात उतरला आणि १६१९ मध्ये तिथेच वारला. त्याचं क्रिस्तपुराण १६१६ मध्ये गोव्यातल्याच रायतूरला छापलं गेलं. जवळपास अकरा हजार ओव्या! कथा येशूची, पण चाल आपल्या पुराणांची. खड्यांमध्ये रत्न उठून दिसतं तशी सगळ्या भाषांमध्ये मराठी, असं तो लिहितो. धर्मप्रसारासाठी लिहिलं म्हणून ते काव्य हलकं ठरत नाही. शाळा-कॉलेजात हे पुराण नीट शिकवा. तुम्हाला काय वाटतं?

सासष्टीकर
मला अजिबात पटत नाही. ते पुराण कोणत्या मातीत उगवलं तेही सांगा. गोव्याच्या सासष्टी भागातली देवळं पोर्तुगीजांनी १५६७ मध्ये पाडली. त्याच दशकात आमचा मंगेश कुशस्थळीहून जुवारी नदीपलीकडे प्रियोळला न्यावा लागला, शांतादुर्गा केळशीहून कवळ्याला गेली. मंगेशीला पाया पडताना माझी आजी दरवेळी म्हणायची, "हे देवाचं बिऱ्हाड, घर नदीपलीकडे."
आणि त्या पुराणाची सुरुवात वाचलीत का? एक बाटलेला ब्राह्मण पाद्रीला विचारतो, आमची जुनी पुराणं तुम्ही बंद केलीत, मग त्यांच्या जागी दुसरं काही का देत नाही? हे फादरनेच लिहून ठेवलंय. आधी पुढ्यातलं ताट ओढून घेतलं, मग आपलं वाढलं. वाढपी सुगरण होता म्हणून मी ताट विसरू?

ओवीवेडा
जबरदस्ती मी नाकारत नाहीच. पण कोकणी सोडा, तीन वर्षांत पोर्तुगीज बोलायला लागा, हा व्हाइसरॉयचा हुकूम निघाला १६८४ मध्ये, स्टीफन्स जाऊन ६५ वर्षं झाल्यावर. स्टीफन्सने तर कोकणीचं व्याकरण लिहिलं. भाषा मारणारे आणि जपणारे एकाच मापाने मोजू नका.

सासष्टीकर
१५८३ सालचं सासष्टीतलं कुंकळ्ळी गाव आठवा. लोकांनी पाच जेझुइट मारले. मग बोलणी करायला म्हणून गावकरांना असोळण्याच्या किल्ल्यात बोलावलं आणि तिथेच कापलं. स्टीफन्सने तलवार धरली नाही, हे खरं. पण त्याच्या ओव्या ऐकायला माणसं बसली ती त्या तलवारीच्या धाकात. इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचं धर्मन्यायालय, १८१२ पर्यंत चाललं, म्हणजे किती पिढ्या झाल्या ते मोजा.

नगरची_लेक
तुम्ही दोघं गोव्यातच अडकलात, म्हणून लिहिते. अमेरिकन मराठी मिशनची माणसं १८१३ मध्ये मुंबईला आली तेव्हा कंपनी सरकार त्यांना परत पाठवायला निघालं होतं. आमच्याकडे तलवार नव्हती. नगरला सिंथिया फरारबाईंनी मुलींना शिकवलं, सावित्रीबाईंचं अध्यापनाचं शिक्षणही त्यांच्याचकडे झालं. माझे पणजोबा महारवाड्यातले. गावच्या शाळेत त्यांना उंबऱ्याबाहेर बसवायचे, मिशनच्या शाळेत आत बसायला मिळालं. त्यांची पाटी आमच्याकडे अजून आहे, एक कोपरा फुटलेली. आजही देवळात (आम्ही चर्चला देऊळच म्हणतो) रेव्हरंड टिळकांची भजनं पेटी-तबल्यावर होतात. आम्ही बाटलो नाही, आम्ही निवडलं. हा शब्द वापरताना जरा विचार करा.

जुनी_पानं
ताई, मान्य. तरी मिशनच्या शाळा नुसत्या शिकवायला निघाल्या नव्हत्या, आपल्या देवांची निंदा तिथे सर्रास चाले. म्हणून तर १८५७ मध्ये विष्णुबुवा ब्रह्मचारी मुंबईच्या समुद्रकिनाऱ्यावर पाद्र्यांशी महिनोन्‌महिने वाद घालत होते. आणि जोतीराव? पुण्याच्या स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले, पण ख्रिस्ती झाले नाहीत. विद्या घेतली, बाप्तिस्मा नाही. मला हा माणूस सगळ्यांत मोठा वाटतो.

नगरची_लेक
जोतीराव मलाही मोठेच. पण बाप्तिस्मा घेतला म्हणून माझे पणजोबा लहान होत नाहीत.

सासष्टीकर
ताई, "बाटलेला" हा शब्द मी मागे घेतो. आमच्या घरात तो सर्रास चालतो, तुम्हाला काय लागत असेल याचा विचार केला नव्हता. तुमच्या पणजोबांच्या पाटीबद्दल माझी तक्रार नाही. पण नगरच्या पाटीने कुशस्थळीचा हिशेब फिटत नाही. ओवीवेडा, क्रिस्तपुराण खुशाल शिकवा. मात्र मराठीच्या कौतुकाच्या ओव्या तेवढ्या वेचून देऊ नका. त्या ब्राह्मणाचा प्रश्न पहिल्या तासाला घ्या आणि पोरांना विचारा, पुराणं कोणी बंद केली होती?